अंगठा-तर्जनीचं कडं: पुण्यात 'झकास', बाहेर काय?

प्रश्न असा: मिसळ आवडली की आपण अंगठा आणि तर्जनी जुळवून गोल करतो, तीच खूण परदेशात चालेल का?

सगळीकडे नाही. ब्राझीलमध्ये ती सरळसरळ शिवी आहे, आणि तुर्कस्तानातही अपमानच. फ्रान्समध्ये तिचा अर्थ 'शून्य', म्हणजे बेकार, असा होऊ शकतो. तिथे चेहरा हसरा आहे की पडलेला, यावर सगळं ठरतं. जपानमध्ये तळवा वर करून कडं आडवं धरलं तर 'पैसे'. हिंजवडीतून टोकियोला जाणाऱ्यांनी दराची बोलणी चालू असताना हात जरा आवरावा. अमेरिकेत आजही बहुतेक वेळा 'ठीक आहे' असाच अर्थ, पण 2017 नंतर वर्णद्वेषी गटांनी ती उचलल्यामुळे फोटोत टाळलेली बरी.

खरा घोळ पाण्याखाली होतो. तारकर्लीला स्कूबा करताना 'मजेत आहे' सांगायला पुणेकर हमखास अंगठा दाखवतो. डायव्हिंगमध्ये त्याचा अर्थ 'वर चला', आणि प्रशिक्षक खरंच वर घेऊन येतो! तिथे 'ठीक'साठी हेच कडं, उरलेली तिन्ही बोटं ताठ. काही बिघडलं तर तळवा आडवा धरून डावी-उजवीकडे डोलवायचा, मग अडचण जिथे आहे तिकडे बोट दाखवायचं.