'हर्मीस' म्हणजे 'विराट' नव्हे, आणि कंसातलं आधी वाचा

तुमचा धागा काल रात्री वाचला आणि झोपच उडाली. पणजोबा गोव्याचे, मुंबईत धोबीतलावच्या कुडात (गोव्याच्या गावकऱ्यांच्या सामायिक वसतिगृहात) मुक्काम, ब्रिटिश आरमारात स्टुअर्ड, म्हणजे जहाजावरचा वाढपी. घरात १९४१ चा एकच चिटोरा, त्यावर 'एच.एम.एस. हर्मीस' (एच.एम.एस. ही ब्रिटिश आरमारातल्या जहाजांच्या नावाआधीची अक्षरं). आणि खाली तुमचा प्रश्न : 'म्हणजे ते आपल्या विराटवरच होते ना? फोटो फ्रेम करून भिंतीवर लावायचाय.'

लावू नका. निदान अजून तरी नको.

आपल्या नौदलाची विमानवाहू नौका विराट पूर्वाश्रमीची ब्रिटिश हर्मीस, हे बरोबर. पण तिची बांधणीच सुरू झाली २१ जून १९४४ ला, इंग्लंडमधल्या बॅरोच्या गोदीत. तेव्हा तिचं नाव 'एलिफंट' ठरलं होतं, हर्मीस हे पुढे दिलं. आरमारात दाखल झाली १९५९ साली. तुमचे पणजोबा १९४१ मध्ये तिच्यावर असणं शक्यच नाही. त्यांची हर्मीस तिच्या आधीची, १९२४ ची. विमानवाहू नौका म्हणूनच आराखडा काढून बांधायला घेतलेली जगातली पहिली. तिच्याही आधी एक हर्मीस होती, मूळची क्रूझर, नंतर सागरी विमानं ठेवायला बदललेली. ३१ ऑक्टोबर १९१४ ला डोव्हरच्या सामुद्रधुनीत जर्मन पाणबुडीने तिला बुडवलं. आपल्याकडे नातवाला आजोबांचं नाव ठेवतात, तसाच प्रकार. म्हणून नावाच्या जोडीला साल नसेल तर एक पाऊलही पुढे टाकू नये. एवढं तुम्हाला कळतच असेल, पुढे जातो.

तुमच्या हर्मीसचा शेवट वाईट झाला. ९ एप्रिल १९४२, श्रीलंकेच्या पूर्व किनाऱ्यावर बट्टिकलोआजवळ. ट्रिंकोमालीहून निघाली तेव्हा डेकवर स्वतःचं एकही विमान नव्हतं. जपानी विमानांनी गाठून बुडवली, ३०७ माणसं गेली. जवळ 'व्हिटा' हे इस्पितळ-जहाज होतं, त्याने शेकडो जणांना पाण्यातून वर काढलं. तुम्ही लिहिलंय की पणजोबा १९४२ च्या पावसाळ्यात अचानक घरी आले आणि पुन्हा बोटीचं नाव काढलं नाही. वाचून माझ्याही अंगावर काटा आला. पण लगेच गोष्ट रचू नका. ते त्याआधीच दुसरीकडे बदलून गेलेले असू शकतात. कागदावरच्या एका नावावरून माणूस नक्की कुठे होता ते ठरत नाही. का म्हणतोय ते आता सांगतो, आणि इथे जरा लांबण लागणार आहे.

आमचे आजोबा वेंगुर्ल्याचे, स्वयंपाकी. कागद १९४४ चा, त्यावर 'एच.एम.एस. ब्रगांझा'. मी बँकेतून निवृत्त झालो तेव्हा हाताशी वेळ होता. कागदाचा फोटो काढला, कडा फाटक्या दिसत होत्या म्हणून कातरून चौकोनी, देखणा केला आणि विलायतेतल्या एका कार्यालयाला शुल्क भरून पाठवला. (कार्यालयाचं नाव विचारू नका, देणार नाही.) आठ महिन्यांनी दोन ओळींचं छापील उत्तर आलं : या नावाच्या जहाजाची नोंद आमच्या यादीत नाही, दुसऱ्या विभागाकडे विचारा. दुसऱ्या विभागाने पहिल्याकडे बोट दाखवलं. शुल्क परत मिळत नाही, हे मात्र दोघांनीही न विसरता कळवलं. दोन वर्षं मी ब्रगांझा नावाची युद्धनौका धुंडाळत होतो. विनाशिका झाल्या, क्रूझर झाल्या, पाणबुड्याही चाळल्या.

ब्रगांझा हे त्या काळी जहाज नव्हतंच! ते ब्रिटिश आरमाराच्या मुंबईतल्या तळाचं नाव. आरमाराच्या शिस्तीत प्रत्येक माणूस कुठल्या ना कुठल्या जहाजाच्या पटावर हवा, म्हणून किनाऱ्यावरच्या इमारतींनाही जहाजांची नावं. खलाशी थट्टेने त्यांना दगडी फ्रिगेट (फ्रिगेट हा युद्धनौकेचा एक प्रकार) म्हणत. फाटकाबाहेर रस्त्यावर पाऊल टाकलं तरी 'किनाऱ्यावर गेलो' म्हणायचं. १९४६ च्या नाविकांच्या उठावातली 'तलवार' तरी काय होती? बिनतारी संदेशाची शाळा, कुलाब्याची. कितीतरी लेखांत तिला अजून युद्धनौका लिहितात. दोन कार्यालयांतल्या एकाही माणसाला 'अहो, ती इमारत आहे' एवढं एक वाक्य लिहिता आलं नाही. असो.

हे मला एका इंग्रजी यादीत योगायोगाने सापडलं. त्याच संध्याकाळी आत्याला फोन करून शहाणपणाने सांगून टाकलं, 'तुझे बाबा लढाईच्या बोटीवर नव्हतेच, मुंबईत एका इमारतीत होते.' ती 'बरं' म्हणाली आणि दोन महिने माझ्याशी बोलली नाही.

चार वर्षांनी भाच्यासाठी मूळ कागद ट्रंकेतून पुन्हा काढला. ब्रगांझाच्या पुढे, अगदी कडेला, पेन्सिलीने कंस, आणि कंसात एक नाव. मीच कातरलेला भाग. त्या काळच्या नोंदींत बरेचदा आधी तळाचं नाव येतं, कारण पगार-पट तिथला, आणि माणूस प्रत्यक्ष ज्या बोटीवर होता तिचं नाव कंसात. आजोबा एका छोट्या सुरुंगशोधक बोटीवर होते. तोवर आत्या गेली होती.

तर माझं मत, पटलं तर घ्या. मी इतिहासकार नाही, चूक असेल तर जाणकारांनी दुरुस्त करावं.

कुठेही पैसे भरण्याआधी कागद दोन्ही बाजूंनी, कडांसकट, तिरपा उजेड पाडून टिपा. पुसट पेन्सिल तशीच उठून दिसते. आणि कृपा करून लॅमिनेशन करू नका, आमच्या एका नातेवाइकाने केलंय आणि आता शाईच दिसत नाही.

लंडनजवळ क्यू इथे राष्ट्रीय अभिलेखागार आहे. तिथे आरमाराच्या दप्तराला 'एडीएम' आणि आकडा अशा खुणा आहेत. जहाजांच्या नोंदवह्या 'एडीएम ५३' मध्ये, पाणबुड्यांच्या 'एडीएम १७३' मध्ये. विनाशिका आणि त्याहून लहान बोटींच्या युद्धकाळातल्या बहुतेक वह्या जपल्याच नाहीत, म्हणून माझी गाडी तिथे अडली. तेव्हा 'एडीएम १८७' बघा, कुठलं जहाज कधी कुठे होतं त्याच्या याद्या आहेत. तिकडे कोणी भाचा-पुतण्या असेल तर त्यालाच पाठवा. वाचकपत्र फुकट मिळतं, स्वतःच्या कॅमेऱ्याने फोटो काढता येतात. दलालाला पौंड देण्यापेक्षा त्याला जेवण घाला. 'नेव्ही लिस्ट' नावाचे ग्रंथ कोणी सुचवेल, पण त्यांत फक्त अधिकारी. स्टुअर्ड-स्वयंपाकी त्यांत शोधू नका.

कागदावर एच.एम.एस. आहे की एच.एम.आय.एस., हेही भिंग लावून पाहा. मधला 'आय' असेल तर ते रॉयल इंडियन नेव्ही, म्हणजे ब्रिटिश काळातलं हिंदुस्थानचं आरमार, आणि मग शोध ब्रिटिश लायब्ररीतल्या इंडिया ऑफिसच्या (हिंदुस्थानचा कारभार पाहणाऱ्या लंडनच्या खात्याच्या) दप्तराकडे किंवा दिल्लीतल्या सरकारी दप्तराकडे वळतो. कुडात जुनी रजिस्टरं उरलीत का तेही विचारा, विचारायला काय जातंय.

अवांतर : उलटा घोळही होतो, जहाज एक आणि नावं दोन. 'थेटिस' पाणबुडी १ जून १९३९ ला लिव्हरपूलच्या उपसागरात चाचणीतच बुडाली, ९९ माणसं आत गुदमरून गेली, चौघेच वाचले. तीच वर काढून, दुरुस्त करून 'थंडरबोल्ट' नावाने पुन्हा युद्धावर धाडली. मार्च १९४३ मध्ये इटालियनांनी बुडवली. आणि मुंबईच्या गोदीत वाडियांनी सागवानात बांधलेली १८१७ ची 'ट्रिंकोमाली' ही युद्धनौका कित्येक दशकं 'फुद्रोयां' नावाने वावरली, १९९२ मध्ये तिला जुनं नाव परत मिळालं. आजही इंग्लंडमधल्या हार्टलपूलला पाण्यावर तरंगतेय.

आता तुमच्या चिटोऱ्याकडे. धाग्यात टाकलेला फोटो उजवीकडे 'हर्मीस'च्या शेवटच्या अक्षराला चिकटून संपतोय. त्यापुढे कागद किती आहे आणि मागच्या बाजूला काय आहे, ते न कातरता टाका.