आई म्हणाली, ‘पुसून टाक’

“ताई, मी माहितीपट करते. आमच्या घरात मावशीचं नाव कुणी काढत नाही. ती तरुणपणीच गेली. कशी, ते मला कधी कळलं नाही. एका रात्री आईने कॅमेऱ्यासमोर सगळं सांगितलं, खूप रडली. सकाळी म्हणाली, ‘ते पुसून टाक.’ निर्माता म्हणतो, फिल्मचा जीव त्यातच आहे. मलाही रात्र रात्र झोप नसते. आईचं दुःख माझ्या अंगात उतरलंय, मग ही गोष्ट माझीही नाही का?”

अगं, आईने नाही म्हटलंय. संमतिपत्रावर तिची सही असेल, पण लेकीने पुढे केलेल्या कागदावर कुठली आई वाचून सही करते? निर्मात्याला आजच कळव की तो भाग फिल्ममध्ये जाणार नाही. चिडेल, चिडू दे.

पुसण्याआधी मात्र तिला एकदा नीट विचार. सगळ्या कॉपी गोळा कर, एडिटरकडचीही आण, आणि ती हार्ड डिस्क तिच्या हातात दे. कपाटात ठेवायची की खरंच पुसायची, ते तिने ठरवावं. पुसायचं म्हणाली तर तिच्यादेखत पूस. आणि रागावू नकोस, पण एक विचारते. त्या रात्री शूट आटपल्यावर आईजवळ कोण बसलं होतं? एवढ्या मोठ्या युनिटमध्ये नेमकं हेच काम कुणाच्या वाट्याला येत नाही.

आता ‘अंगात उतरण्या’बद्दल. आईबापांचं दुःख मुलांच्या शरीरात उतरतं, असं म्हणताना संशोधक रेचल यहूदा यांच्या २०१५ सालच्या अभ्यासाचा हमखास दाखला देतात. नाझी छळातून वाचलेले ३२ ज्यू आणि त्यांची २२ मुलं यांच्या रक्तात, ताणाशी संबंधित एका जनुकावर त्यांना रासायनिक बदल आढळले. नमुना लहान होता, आणि ते बदल आईबापांकडूनच मुलांत आले, असं त्यातून सिद्ध होत नाही. शिवाय एवढ्या लांब जायचं कशाला? विषय निघाला की आई उठून जायची, हे तू लहानपणापासून पाहत आलीस. मूल त्यातूनही घाबरायला शिकतं.

आणि ते पाहणं तुझं स्वतःचं आहे. त्यावर फिल्म कर. अल्बममधली रिकामी जागा, मोठ्यांचं अचानक गप्प होणं, तू मनाने रचलेली मावशी. कंबोडियाचे दिग्दर्शक रिथी पान यांच्या कुटुंबातली बरीच माणसं ख्मेर रूज या क्रूर कम्युनिस्ट गटाच्या राजवटीत मेली. त्या काळाची राजवटीने स्वतःच्या प्रचारासाठी घेतलेली चित्रणं होती, यांच्या घरच्यांची नव्हती. मग २०१३ च्या फिल्ममध्ये त्यांनी मातीच्या बाहुल्या घडवून ती माणसं उभी केली. तुझी वाट वेगळी असेल, पण आईच्या रडण्यावाचून अडणार नाही. मात्र मावशी आईची बहीण आहे, तेव्हा पहिला कट निर्मात्याआधी आईला दाखव, आणि तिने काढ म्हटलेलं काढायची तयारी ठेव.

झोपेचं मात्र फिल्मवर सोपवू नकोस. या आठवड्यातच एखाद्या समुपदेशकाची वेळ घे.

– ताई