रॉकेटचे दोन तुकडे झाले तर ऊर्जा वाढते काऊन?

प्रश्न: ताई, मी नागपूरला बारावीत आहे. उडत्या रॉकेटमधून सॅटेलाइट सुटतो तेव्हा संवेग तेवढाच राहतो पण गतिज ऊर्जा वाढते, असं सर म्हणाले. मग ऊर्जा अक्षय्यतेचा नियम मोडला नाही का?

उत्तर: नाही रे, मोडत नाही, पण शंका अगदी बरोबर जागी आली तुला. आकडेच घेऊ. समज 5,000 किलोचं रॉकेट सेकंदाला 100 मीटरनं चाललंय, इंजिन बंद, आणि दाबून ठेवलेल्या स्प्रिंगनं 1,000 किलोचा सॅटेलाइट पुढे ढकलला, तो झाला 104 वर आणि मागचा 4,000 किलोचा भाग आला 99 वर. संवेग, म्हणजे वस्तुमान गुणिले वेग, आधी 5 लाख, नंतर 3,96,000 अधिक 1,04,000, म्हणजे तेवढाच, कारण स्प्रिंग दोघांनाही सारख्याच जोरानं उलट्या दिशांना ढकलते. गतिज ऊर्जा, म्हणजे वस्तुमान गुणिले वेगाचा वर्ग याच्या निम्मी, मात्र 2,50,00,000 ज्यूलची 2,50,10,000 झाली. हे वरचे 10,000 ज्यूल स्प्रिंगमध्येच साठवलेले होते, बाहेरून काहीच आलं नाही. काही ठिकाणी स्प्रिंगऐवजी छोटा स्फोट करतात, तिथे ती ऊर्जा रसायनातली.

फुटाळा तलावावर थांबलेल्या नावेतून काठावर उडी मारलीस की नाव मागे सरकते, तिथे पायांची ताकद तेच काम करते.

आणि मला सगळ्यात आवडते ती गोष्ट सांगते, रॉकेट 100 ऐवजी 7,000 नं जात असतं तरी तीच स्प्रिंग तेवढेच 10,000 ज्यूल वाढवते, करून बघ वहीत.