प्रोसेस लॅबमध्ये नोकरी हवी असेल तर सिंथेसिसचं कोणतं पुस्तक वाचावं?

तुम्ही ऑरगॅनिकमध्ये एम.एस्सी. आहात, घणसोलीला राहता आणि नवी मुंबईतल्या महापे-रबाळे पट्ट्यातल्या प्रोसेस डेव्हलपमेंट लॅबमध्ये (जिथे प्रयोगशाळेतली कृती कारखान्यात चालेल अशी बनवतात) शिरायचंय, तर कोणतं पुस्तक घ्यावं, असा तुमचा प्रश्न आहे.

एकच घ्यायचं तर स्टुअर्ट वॉरन यांचं ‘डिस्कनेक्शन अप्रोच’ घ्या, आणि वर्कबुकसकट. तयार रेणूपासून मागे मागे जात कच्च्या मालापर्यंत पोचायची जी पद्धत ई. जे. कोरी यांनी मांडली (१९९० चं नोबेल त्यासाठीच), ती वॉरन अगदी लहान रेणूंवर शिकवतात. मेकॅनिझम (रिअॅक्शन पायरीपायरीनं कशी घडते ते) कच्चं असेल तर आधी क्लेडन यांचं ऑरगॅनिक केमिस्ट्रीचं पाठ्यपुस्तक वाचा.

मात्र नुसतं वाचू नका, प्रत्येक उदाहरण ग्रॅममध्ये उतरवा. पॅरासिटामॉल घ्या. अमाइडचा कार्बन-नायट्रोजन बंध तोडला की पॅरा-अमिनोफिनॉल आणि असेटिक अनहायड्राइड दिसतात. अमिनोफिनॉल १०.९ ग्रॅम, म्हणजे ०.१ मोल. अनहायड्राइड ०.१२ मोल, साधारण ११.३ मिली, थोडं जास्त अशासाठी, की पाण्यात काही भाग फुकट जातो. शंभर टक्के यील्ड (उत्पादन) धरली तर पॅरासिटामॉल १५.१ ग्रॅम. अमीन फिनॉलपेक्षा जास्त न्यूक्लिओफिलिक (इलेक्ट्रॉन देऊन बंध जोडायला जास्त तयार), म्हणून असिटाइल गट नायट्रोजनवर बसतो. अनहायड्राइड बेसुमार घालून तापवलंत तर ऑक्सिजनवरही बसेल. माल तपकिरी आला तर बहुधा अमिनोफिनॉल हवेनं ऑक्सिडाइज झालंय.

खरी दरी पुढे आहे. कॉलेजच्या पद्धतीत ‘ईथरनं एक्स्ट्रॅक्ट करा, सोडियम सल्फेटवर सुकवा, कोरडं होईपर्यंत आटवा, कॉलम करा (भरलेल्या नळीतून सोडून घटक वेगळे करा)’ असं असतं. प्लांटमध्ये यातलं जवळपास काहीच चालत नाही. ईथरचा फ्लॅश पॉइंट (ज्या तापमानाला वाफ ठिणगीनं पेटू शकते) उणे ४५ अंश सेल्सियस, त्यामुळे त्याऐवजी टोल्यूइन किंवा इथाइल असिटेट. सुकवायचं तर टोल्यूइनबरोबर पाणी अझिओट्रोपनं (दोन्ही एकत्र उकळून) काढतात. रिअ‍ॅक्टर कोरडा आटवला तर पातळी स्टररच्या खाली जाते आणि माल भिंतीवर करपतो, म्हणून सॉल्व्हंट बदलून थेट क्रिस्टलायझेशन करतात. कॉलमचं कामही शक्यतो तेच करतं. या बाजूसाठी नील अँडरसन यांचं ‘प्रॅक्टिकल प्रोसेस रिसर्च अँड डेव्हलपमेंट’ मला सगळ्यांत उपयोगी वाटतं.

उष्णतेचं गणित मुलाखतीआधी नक्की समजून घ्या. त्याच घडणीच्या भांड्याचं आकारमान हजारपट झालं तर थंड करणारा पृष्ठभाग फक्त शंभरपट होतो. फ्लास्कमध्ये दहा मिनिटांत घातलेला रिएजंट रिअ‍ॅक्टरमध्ये काही तास घ्यावा लागतो. घाबरून फार थंड ठेवून घातलात तर तो न वापरता साठतो आणि मग एकदम भडकतो. ग्रिन्यार्डमध्ये (हॅलाइड आणि मॅग्नेशियमची रिअॅक्शन) ती सुरू व्हायला उशीर झाला तर हेच होतं. सुरुवातीच्या थोड्या हॅलाइडवर तापमान चढलेलं दिसल्याशिवाय उरलेलं सोडायचं नाही.

आणि लॅबमध्ये रिअ‍ॅक्शन संपली तरी लगेच क्वेंच करू नका (म्हणजे ती थांबवू नका). थोडा भाग त्याच तापमानाला आणखी चार तास ढवळत ठेवा आणि टीएलसी (पातळ थरावर घटक डागांच्या रूपात वेगळे दाखवणारी चाचणी) पुन्हा बघा. नवा डाग दिसला, तर ती पद्धत अजून प्लांटला द्यायची नाही.