योम्पाची गोष्ट पाहण्यापूर्वी

पन्नाशीच्या दशकातील स्वीडिश चित्रपटांची ओळख करून घ्यायची असेल, तर थेट स्वीडिश दिग्दर्शक इंगमार बर्गमनच्या गाजलेल्या कृतींकडे न वळता आधी लार्स-एरिक चेलग्रेन दिग्दर्शित ‘मेदान स्तादेन सोवर’, म्हणजे ‘शहर झोपेत असताना’, हा १९५० चा चित्रपट पाहावा, असे मी आग्रहाने सुचवेन. पेर आन्देर्श फोगेलस्ट्रॉम यांच्या लेखनावर तो आधारलेला असून त्याच्या कथेच्या आराखड्याला बर्गमनचाही हात लागला आहे.

मात्र गुन्हेगारीपट म्हटला की आपण ‘गुन्हा कोणी केला’ हे शोधू लागतो, आणि ती सवय येथे उपयोगाची नाही. स्टॉकहोममधील टोळक्याचा म्होरक्या योम्पा चोऱ्या करतो हे उघडच आहे. पाहायचे ते हे, की त्याची प्रेयसी ईरिस हिला दिवस गेल्यावर लग्न, संसार आणि नोकरी असे सारे मार्गी लागल्यासारखे दिसत असतानाही त्याचे पाय पुन्हा त्याच वाटेला कसे लागतात. दुसऱ्यांदा पाहताना वही जवळ ठेवावी आणि प्रत्येक वळणावर त्याला कोणी थोपवू पाहिले, कोणी चिथावले, याची नोंद करावी. स्वेन-एरिक गाम्बले यांनी योम्पाची ऐट आणि तिच्याआडचा भेदरटपणा एकाच चेहऱ्यावर दाखवला आहे. माझ्या मते चित्रपटाचे खरे बळ तेच आहे.

स्वीडनमधील समाजवादी लोकशाहीवादी सरकार ‘लोकांचे घर’, म्हणजे सर्वांची काळजी वाहणारे कल्याणकारी राज्य, उभारत होते, त्या काळातील ही कथा आहे, हे ध्यानात ठेवावे. त्यानंतर फोगेलस्ट्रॉम यांच्याच कादंबरीवरचा बर्गमनचा १९५३ चा ‘सोमारेन मेद मोनिका’, म्हणजे ‘मोनिकासोबतचा उन्हाळा’, हा चित्रपट लावावा.