ब्रिटनमध्ये प्रॉडक्शन डिझायनर, आणि पुढे निर्माता

तू लिहिलंयस की जे. जे.मधून बाहेर पडल्यावर गोरेगावला मालिकांच्या सेटवर काम करतोयस, वय 26, आता ब्रिटनला येऊन टेलिव्हिजनसाठी प्रॉडक्शन डिझाइन, म्हणजे मालिकेच्या सेटची आणि एकूण रूपाची आखणी, करायचंय आणि पुढे निर्माता व्हायचंय. एमए करावं की थेट काम शोधावं, हा तुझा प्रश्न.

आधी व्हिसाचं बोलतो, कारण आपली मुलं तिथेच अडकतात. इथलं आर्ट डिपार्टमेंट बहुतेक फ्रीलान्सवर चालतं. एक मालिका संपली की पुढची शोधायची. स्किल्ड वर्कर व्हिसाला प्रायोजक मालक लागतो, आणि चार-सहा महिन्यांच्या कामासाठी सहसा कुणी ते अंगावर घेत नाही. स्टुडंट व्हिसावर फ्रीलान्स काम करायला बंदी आहे. एमएनंतरच्या ग्रॅज्युएट व्हिसावर ते चालतं, पण 1 जानेवारी 2027पासूनच्या अर्जांना त्याची मुदत दोन वर्षांवरून 18 महिन्यांवर येतेय. म्हणून तू आधी इंडिया यंग प्रोफेशनल्स स्कीम या व्हिसाच्या बॅलटमध्ये, म्हणजे सोडतीत, नाव घाल. वय 18 ते 30, पदवी आणि खात्यात 2,530 पाउंड एवढं लागतं. मुक्काम दोन वर्षांचा, आणि काही अटींवर फ्रीलान्सही करता येतं. नाव नाही लागलं तर एमएचा विचार कर. बीकन्सफील्डच्या नॅशनल फिल्म अँड टेलिव्हिजन स्कूलमधला प्रॉडक्शन डिझाइनचा दोन वर्षांचा एमए मला सगळ्यांत चांगला वाटतो, पण खर्चाचं गणित घरच्यांबरोबर नीट बसवून मगच.

पहिलं काम असिस्टंटचंच मिळेल, आणि त्यात पांढऱ्या पुठ्ठ्याची मॉडेल्स कापणं आलंच. 1:25 या मापात सहा फुटी माणूस जेमतेम सात सेंटिमीटरचा होतो. दिग्दर्शक मोबाइलचा कॅमेरा त्या पुठ्ठ्याच्या दारातून आत घालून बघतो. कॅमेऱ्याला मागे जागा हवी म्हणून कुठली भिंत काढती ठेवायची, ते तिथेच ठरतं. मग वर्किंग ड्रॉइंग्ज. गोरेगावला मिस्त्रीला उभ्याउभ्या ‘इथे कमान, तिथे खिडकी’ सांगून भागतं. इथे ड्रॉइंगवर नसलेली खिडकी सेटवर येत नाही, कारण कन्स्ट्रक्शन मॅनेजर त्या ड्रॉइंगवरूनच प्लाय, लाकूड आणि सुतारांचे दिवस मोजतो. ऑटोकॅड किंवा व्हेक्टरवर्क्स, यांपैकी ड्रॉइंगचं एक सॉफ्टवेअर हातात पक्कं बसू दे.

निर्माता होण्याची वाट याच हिशेबातून जाते, असं माझं ठाम मत आहे. जोएल कॉलिन्सचं काम बघ. 2011मध्ये सुरू झालेल्या ‘ब्लॅक मिरर’ मालिकेच्या सुरुवातीच्या सीझन्सचं प्रॉडक्शन डिझाइन त्याचं. ‘हिज डार्क मटेरिअल्स’मध्ये तो डिझायनर होताच, शिवाय एक्झिक्युटिव्ह प्रोड्यूसरही. त्या मालिकेसाठी इथे कार्डिफमध्ये वुल्फ स्टुडिओच्या आवारात चितागात्झे हे गोष्टीतलं काल्पनिक शहर अख्खं उभारलं होतं. अशा मालिकेत किती भिंती खऱ्या बांधायच्या आणि किती नंतर संगणकावर वाढवायच्या, हे शूटिंगच्या कितीतरी आधी ठरवावं लागतं. त्यावरच पैसा आणि वेळापत्रक दोन्ही हलतात. तो निर्णय ज्याला घेता येतो, त्याला निर्मात्यांच्या टेबलावर जागा मिळते. कॉलिन्सची ‘पेंटिंग प्रॅक्टिस’ ही संस्था कन्सेप्ट आर्टपासूनच, म्हणजे सुरुवातीच्या कल्पनाचित्रांपासूनच, काम हातात घेते, म्हणजे मालिका कागदावर असताना तो त्या चर्चेत असतो. नितीन देसाईंना आपण आर्ट डायरेक्टर म्हणून ओळखायचो, आणि ‘राजा शिवछत्रपती’ची निर्मिती त्यांनीच केली. तेव्हा तुझी इच्छा मुळीच अवास्तव नाही, वेळ मात्र लागेल.

पोर्टफोलिओत नुसते सुंदर फोटो भरू नकोस. एकच सेट घे, अगदी तुझ्या मालिकेतला वाडाही चालेल, पण त्याचं स्केच, मोजमापांसह ड्रॉइंग, पुठ्ठ्याचं मॉडेल, खर्चाचा तक्ता आणि शेवटी उभा सेट असा सगळा प्रवास दाखव. चालू मालिकेचे फोटो निर्मात्याच्या लेखी परवानगीशिवाय वापरू नकोस. कार्डिफ, लंडन, ब्रिस्टल, बेलफास्ट सगळीकडे कामं आहेत. लंडनचं भाडं भरत तिथेच अडकून पडायचं कारण नाही. बॅलटची तारीख जाहीर झाली की मला कळव, कागदपत्रं आपण एकत्र बघू.