‘नेता’ की ‘पुढारी’: कारखान्याच्या फलकापुरते

सातपूरच्या कारखान्यात लावायच्या फलकासाठी ‘इफेक्टिव्ह लीडर’ला ‘प्रभावी नेता’ म्हणावे की ‘कार्यक्षम पुढारी’, असे आपण विचारले आहे.

दोन्ही शब्द आज राजकारणाने बळकावले आहेत. ‘आमचे नेते’ म्हटले की नाशिककराच्या डोळ्यांपुढे चौकातला वाढदिवसाचा फ्लेक्स येतो, शिफ्टचा इनचार्ज नव्हे. तरी मुळाशी पाहावे. ‘पुढारी’ म्हणजे पुढे असणारा. अरबीतून आलेला ‘मुकादम’ आणि आपला ‘म्होरक्या’ यांचा मूळ अर्थही तोच, आणि मागून कोणी येते आहे की नाही, याची या शब्दांना फिकीर नाही. (म्होरक्या तर आता टोळीलाच उरला.) ‘नेता’ मात्र संस्कृत ‘नी’ धातूचा, नायक, नीती, नेत्र आणि आपले ‘नेणे’ हे सारे त्याच घरातले. नेणे सकर्मक आहे, म्हणजे कोणाला किंवा काय नेले हे कळल्याखेरीज वाक्य पुरे होत नाही. ‘काम तडीस नेणे’ यातही तेच नेणे आहे, आणि तड म्हणजे काठ.

‘प्रभावी’ मला येथे खटकतो. भाषण प्रभावी असते, व्यक्तिमत्त्व प्रभावी असते. छाप न पाडताही काम काठाला लावणारी माणसे त्या विशेषणात मावत नाहीत.

असा माणूस ओळखायचा तर त्याची सर्वनामे ऐकावीत, कारण मराठीत ‘आम्ही’ ऐकणाऱ्याला वगळते आणि ‘आपण’ त्याला सामावून घेते. अंबडच्या एका वर्कशॉपमध्ये रात्रपाळीत यंत्रावर डाय, म्हणजे साचा, नीट बसेना, तेव्हा आमचा इनचार्ज तो बसवणाऱ्या सेटरशेजारी बॅटरी धरून उभा राहिला आणि ‘आपण पुन्हा एकदा लेव्हल बघू’ म्हणाला. सकाळी रिजेक्शनचा जाब विचारला गेला, तेव्हा त्याने ‘मी तपासायला हवे होते’ एवढेच सांगितले. त्याच्या आधीच्या साहेबांचे, माल पास झाला की ‘आम्ही केले’ आणि परत आला की ‘तुम्ही काय केलेत?’ असे असे.

तेव्हा फलकावर ‘सर्वांना बरोबर घेऊन काम तडीस नेणारा प्रमुख’ असे लिहावे. जागा अपुरी पडली, तर ‘कर्तबगार प्रमुख’ चालेल, पण त्यात ‘नेणे’ राहत नाही.